जाड दिसते तर दिसू दे, पण शुगरचं काय?

प्रश्न: ताई, मी 36 वर्षांची, नागपूरला मनीषनगरात राहते. शाळेपासून जाडी जाडी ऐकतच मोठी झाली, लग्नाच्या फोटोत नेहमी मागच्या लाईनीत. आत्ता कुठं बॉडी पॉझिटिव्हिटीचे, म्हणजे आपलं शरीर आहे तसं आवडून घ्या म्हणणारे, व्हिडिओ बघून बघून हिंमत आली, स्लीव्हलेस घालते, वजनकाटा माळ्यावर टाकला. आणि ऑफिसच्या चेकअपमध्ये शुगरचं एचबीएवनसी 6.1 निघालं! डॉक्टर म्हणतात वजन कमी करा, मैत्रीण म्हणते वजनाच्या मागे लागली की झाला पुन्हा स्वतःचा राग राग सुरू, सासूबाई म्हणतात मी तर सांगतच होती. कोणाचं ऐकू?

उत्तर: सासूबाईंचं तर आज राहू द्या. स्लीव्हलेस घालत राहा, मे महिन्यात गाडीवर निघताना वरून सनकोट घाला, पण तो उन्हासाठी, दंड लपवायला नाही.

आता 6.1. एचबीएवनसी म्हणजे मागच्या दोन-तीन महिन्यांतल्या शुगरची सरासरी, 5.7 ते 6.4 ला प्रीडायबेटिस म्हणतात आणि 6.5 पासून डायबेटिस, म्हणजे तुम्ही अजून अलीकडे आहात आणि इथून मागे फिरता येतं. अमेरिकेत अशाच लोकांवर एक मोठा अभ्यास झाला, 2002 साली छापून आला, आठवड्याला 150 मिनिटं चालणं वगैरे आणि 7 टक्के वजन कमी करायचं टार्गेट, तेवढ्यात डायबेटिस होण्याचं प्रमाण 58 टक्क्यांनी घटलं. 7 टक्के म्हणजे किती हो? 80 किलोची बाई साडेचौऱ्याहत्तर. लग्नात भेटणाऱ्या मावश्यांना ती तेवढीच जाड दिसणार, फरक कळणार तो तिच्या रक्ताला! आणि 2006 साली आपल्या भारतातल्या अभ्यासात तर वजन फारसं उतरलंच नाही, तरी चालणं आणि खाणं बदलल्यामुळे धोका 28.5 टक्क्यांनी कमी झाला. म्हणून मैत्रिणीला सांगा की मी बारीक व्हायला नाही, शुगर खाली आणायला चालली. तसंही ही बॉडी पॉझिटिव्हिटीची चळवळ सुरू झाली ती 1969 च्या सुमारास अमेरिकेत, जाड लोकांना नोकरीत, दवाखान्यात वेगळी वागणूक मिळते म्हणून. तपासण्या करू नका असं त्यात कुठंच नव्हतं, ते रील्सवाल्यांनी नंतर घुसवलं असं माझं मत.

काटा माळ्यावरच राहू द्या, त्याचं टेन्शन येत असेल तर. अंबाझरी नाहीतर फुटाळा तलावावर सकाळी सकाळी चाला, उन्हाळ्यात साडेपाचलाच निघा बाप्पा, सातनंतर काही खरं नाही. आठवड्यातून दोनदा ताकदीचा व्यायाम, पाण्याच्या बाटल्या उचलल्या तरी चालतील. रात्री जेवल्यावर लगेच सोफ्यावर न बसता कॉलनीत पंधरा मिनिटं. तर्री पोहे बंद नका करू, बंद केले की पुढच्या रविवारी दोन प्लेट होतात हे आपल्याला माहीत आहे, फक्त रोज ऑफिसखालच्या ठेल्यावर नको, आणि घरी भाताच्या आधी वरण, उसळ, काकडी वाढून घ्या. डिटॉक्सचे डबे, पंधरा दिवसांत दहा किलोवाले, यांना फाटकाच्या बाहेरच ठेवा.

डॉक्टरांना सरळ विचारा, बीपी, लिपिड (कोलेस्टेरॉल वगैरे), थायरॉईड पण बघायचं का, आणि तीन महिन्यांनी पुन्हा एचबीएवनसी करा. तुमची प्रत्येक तक्रार वजनावर ढकलून दोन मिनिटांत बाहेर काढत असतील तर डॉक्टर बदला, त्यात लाज कसली? आणि खाण्यावरून सारखं रडू येत असेल, चोरून खाणं होत असेल तर आधी समुपदेशकाकडे जा, डाएट मग.

प्रश्न: मी इतवारीचा, वय 41, सगळे काडी पहेलवान म्हणतात. हे शुगर-बिगरचं जाड लोकांचंच ना? मी काऊन टेस्ट करू? (वडिलांना शुगर आहे.)

उत्तर: भाऊ, पुण्याचे डॉ. याज्ञिक आणि लंडनचे डॉ. युडकिन, दोघांचा बीएमआय, म्हणजे उंचीच्या हिशोबानं वजन, सारखाच, 22.3, पण अंगातली चरबी मोजली तर युडकिन 9.1 टक्के आणि आपले याज्ञिक 21.2! 2004 साली दोघांचा फोटोच छापून आला होता. आपल्या लोकांची चरबी पोटात दडून बसते, बाहेरून दिसत नाही. म्हणून टेप घेऊन पोट मोजा, पुरुषांना 90 सेंटीमीटरच्या आत बरं, बायकांना 80. फास्टिंग शुगर करून घ्या, आणि वडिलांचं जे तुम्ही शेवटी कंसात लिहिलंय ना, ते डॉक्टरांना सगळ्यात आधी सांगा.