उबुंटूवर गेमिंग माऊसची जादाची बटणं आणि डीपीआय (माऊस हलवला की कर्सर किती झपाट्याने सरकतो ते) कसं सेट करायचं?

कंपनीचं सॉफ्टवेअर बहुतेक वेळा विंडोजपुरतंच असतं, ते लिनक्सवर चालवायच्या नादी लागू नका. लिबरॅटबॅग नावाची लायब्ररी आहे (माऊसची सेटिंग बदलणारा तयार कोड), तिचा रॅटबॅगडी नावाचा प्रोग्रॅम मागे गुपचूप चालतो आणि समोर बटणं दाबून सेटिंग करायला पायपर नावाचं ॲप, टर्मिनलमधे सुडो ॲप्ट इन्स्टॉल पायपर मारलं की दोन्ही येतात. मी पुण्याच्या तपकीर गल्लीतून लॉजिटेकचा जी१०२ आणला होता, पायपर उघडलं तर माऊसचं चित्रच समोर, ८०० आणि १६०० डीपीआय ठेवलं, अंगठ्याजवळच्या बटणावर कॉपी टाकलं, झालं काम. आणि हे सेटिंग माऊसच्याच मेमरीत बसतं, त्यामुळे ऑफिसच्या विंडोजलाही तसंच चालतंय.

पायपरला माऊस दिसत नसेल तर टर्मिनलमधे एलएसयूएसबी (जोडलेल्या यूएसबी वस्तूंची यादी दाखवणारी कमांड) मारून माऊसचा आयडी बघा. यूएसआरच्या आत शेअर, त्याच्या आत लिबरॅटबॅग, या फोल्डरमधे मॉडेलवार छोट्या डिव्हाइस फाइली असतात, त्यात तो आयडी नसला तर सपोर्ट नाही समजा. माझ्या भावाचा बिननावाचा चमचम लाइटवाला माऊस असाच निघाला, क्लिक होतंय पण बाकी काय नाय (दुकानदार म्हणे सगळीकडे चालतो!). रेझरचा असेल तर हे सोडा, त्याला ओपनरेझर नावाचं सॉफ्टवेअर वेगळं टाकावं लागतं.