पेनड्राइव्हने सॉफ्टवेअर मारताना लाइट गेली, आता नुसता लाल दिवा लागतो. टीव्हीचा बोर्ड फेकून द्यावा का?

इतक्यात फेकू नका. तुमच्या ३२ इंची टीव्हीत व्ही५९ हा युनिव्हर्सल, म्हणजे वेगवेगळ्या कंपन्यांच्या स्क्रीनना चालणारा बोर्ड आहे आणि सॉफ्टवेअर अर्धं चढलं असताना लाइट गेली, असं तुम्ही लिहिलंय. अशा वेळी बहुधा काही जळलेलं नसतं, मेमरी चिपमधला डेटा अर्धवट राहिलेला असतो. तो परत भरता येतो.

तरी आधी मल्टीमीटर घ्या. आठ पायांच्या मेमरी चिपची ४ नंबरची पिन ग्राउंड, ८ नंबरवर ३.३ व्होल्ट हवेत. ते नसतील तर दोष सप्लायचा किंवा रेग्युलेटरचा (व्होल्टेज कमी करून स्थिर ठेवणाऱ्या भागाचा) आहे, मग कुठलीही फाइल टाका, काही होणार नाही. सॉफ्टवेअर उडालं म्हणून बाजूला टाकलेले कितीतरी बोर्ड नुसता रेग्युलेटर बदलून सुरू होतात.

व्होल्टेज बरोबर असेल तर पेनड्राइव्ह पुन्हा लावून बघा, फक्त या वेळी टीव्ही यूपीएसवर घ्या. पेनड्राइव्ह फॅट३२ पद्धतीने फॉरमॅट केलेला हवा, फाइल कुठल्याही फोल्डरच्या बाहेर, आणि तिचं नाव बदलायचं नाही. दिवा लुकलुकायला लागला तर चिपमधला पेनड्राइव्ह वाचणारा सुरुवातीचा भाग शाबूत आहे. काम पुरं होईपर्यंत हात लावू नका.

आता फाइल कोणती, कारण खरी गफलत इथेच होते. टीव्हीवर कुठल्या कंपनीचं नाव आहे ते विसरा, फाइल पॅनेलवरून, म्हणजे आतल्या स्क्रीनवरून ठरते. पॅनेलच्या पाठीमागच्या स्टिकरवरचा नंबर शोधून त्याची डेटाशीट बघा: रिझोल्यूशन, एलव्हीडीएस (बोर्डाकडून पॅनेलला चित्र नेणारी जोडणी) सिंगल की डबल, ६ बिट की ८ बिट, आणि पॅनेलचे व्होल्ट. ३२ इंचीत बरेचदा १३६६ × ७६८, सिंगल, ८ बिट असतं. १९२० × १०८० असेल तर डबल लागतं. बोर्डावर पॅनेलचे व्होल्ट निवडायला ३.३, ५ आणि १२ व्होल्टचा जंपर (दोन पिना जोडणारी छोटी टोपी) असतो, तो चालू करण्याआधी दोनदा तपासा. ५ व्होल्टच्या पॅनेलला १२ गेले की पॅनेल जातं, आणि पॅनेलची किंमत बोर्डाच्या कितीतरी पट आहे.

चित्र आलं पण रंग निगेटिव्हसारखे दिसले तर लगेच दुसरी फाइल मारू नका. रिमोटवर मेनू आणि मग १, १, ४, ७ दाबलं की सर्व्हिस मेनू उघडतो. त्यात एलव्हीडीएस मॅप (रंगांचा डेटा पॅनेलला कुठल्या क्रमाने जातो ती सेटिंग) बदलून बघा. चित्र उलटं असेल तर मिररची सेटिंगही तिथेच मिळते.

दिवा लुकलुकलाच नाही, तर सीएच३४१ए प्रोग्रॅमर, म्हणजे कॉम्प्युटरला जोडून चिप थेट वाचायचं-लिहायचं यंत्र लागेल. काळ्या रंगाच्या काही स्वस्त प्रोग्रॅमरमध्ये डेटाच्या पिनांवर ५ व्होल्ट येतात आणि चिप ३.३ ची असते, म्हणून आधी मोजून घ्या. क्लिप लावून बोर्डावरच वाचायला गेलं की करंट बाकीच्या बोर्डात जातो आणि चिप चुकीची वाचली जाऊ शकते; हॉट एअरने (गरम हवेने सोल्डर वितळवून) काढून घेतलेली बरी. पुसण्याआधी आतला डेटा दोनदा वाचा, दोन्ही प्रती जुळल्या की एक जपून ठेवा. पेनड्राइव्हची फाइल इथे चालेलच असं नाही, पूर्ण डंप, म्हणजे अख्ख्या चिपच्या डेटाची प्रत हवी. २५क्यू३२ चिप असेल तर ती बरोबर ४ एमबीची असते. लिहून झालं की व्हेरिफाय करा (लिहिलेलं फाइलशी जुळतं का ते तपासा), मगच चिप परत बसवा.

पॅनेलचा नंबर आणि बोर्डावर छापलेलं नाव इथे टाका, कुठली फाइल लागेल ते सांगतो.