औषधांच्या टेंडरमधून बोली बाद केली, तर हायकोर्टात जाऊन उपयोग होतो का?

तुम्ही लिहिलंय की सरकारी रुग्णालयाच्या औषध टेंडरमध्ये नॉन-कन्व्हिक्शन सर्टिफिकेट (औषध कायद्याखाली शिक्षा झालेली नाही, असं प्रमाणपत्र) जोडलं नाही म्हणून तुमची बोली बाद झाली आणि दराचा लिफाफा उघडलाच नाही. तुमच्या मते सर्टिफिकेट अपलोड केलेलं होतं. मी नागपूर खंडपीठात वकिली करतो. अशा याचिका मी गांधीबागच्या दवाबाजारातल्या पुरवठादारांसाठीही चालवल्या आहेत आणि एकदा खरेदी करणाऱ्या संस्थेच्या बाजूनेही उभा राहिलो आहे.

उपयोग होतो, पण टेंडर तुम्हाला मिळावं म्हणून कोर्टात जाऊ नका. कोर्ट टेंडर वाटत नाही. सुप्रीम कोर्टाच्या 1994 च्या टाटा सेल्युलर निकालापासून सूत्र ठरलेलं आहे: निर्णय बरोबर की चूक हे नाही, तो कसा घेतला हे तपासायचं. 2006 च्या जगदीश मंडल निकालाने त्याचे दोन प्रश्न केले. प्रक्रियेत दुष्ट हेतू किंवा मनमानी होती का? आणि सार्वजनिक हिताला बाधा येते का? यांची उत्तरं नकारार्थी आली, तर याचिका फेटाळली जाते.

आपल्या नागपूरचंच उदाहरण घ्या. मेट्रोच्या कामात एका बोलीदाराचा अनुभव इंटरसिटी रेल्वेचा होता. मेट्रोने तो मान्य केला नाही, इथल्या खंडपीठाने मात्र बोलीदाराच्या बाजूने कौल दिला. 2016 मध्ये अ‍ॅफकॉन्स प्रकरणात सुप्रीम कोर्टाने तो निकाल फिरवला. टेंडरची अट ज्याने लिहिली, तिचा अर्थ त्यालाच जास्त कळतो, असं त्याचं सार. म्हणजे अटीचा तुमचा अर्थ जास्त पटण्यासारखा आहे, एवढ्यावर केस उभी राहत नाही.

मग राहते कशावर? माझ्या एका अशिलाचं असंच प्रमाणपत्र चुकीच्या रकान्यात अपलोड झालं होतं. समितीने 'जोडलेले नाही' लिहून त्याला बाद केलं. आम्ही छाननीचा तक्ता मागवला. तीन ओळी खाली दुसऱ्या बोलीदाराच्या नावापुढे पेनाने लिहिलं होतं, 'खुलासा मागविला, प्राप्त.' त्रुटी तीच, एकाला संधी दिली आणि दुसऱ्याला बाहेरचा रस्ता. राज्यघटनेच्या कलम 14 चा, म्हणजे समान वागणुकीच्या हक्काचा, भंग यापेक्षा स्वच्छ दिसत नाही. त्या एका ओळीवर याचिका तरली.

त्याच दिवशी मी एक चूकही केली, ती तुम्ही करू नका. मी पूर्ण टेंडरला स्थगिती मागितली. न्यायमूर्तींनी विचारलं, रुग्णालयात किती दिवसांचा साठा आहे? माझ्याकडे उत्तर नव्हतं. सरकारी वकिलाने साठा रजिस्टर उघडलं. जंतुसंसर्गावरचं एक इंजेक्शन 11 दिवस पुरणार होतं. मी स्थगितीची मागणी तिथेच सोडली आणि लवकरची तारीख मागून घेतली. शेवटी समितीला फेरछाननी करायला सांगितलं गेलं. स्थगिती मिळाली असती, तर रुग्णालयाच्या औषधखिडकीपाशी उभ्या बाईला चिठ्ठी घेऊन बाहेरच्या मेडिकल स्टोअरमध्ये जावं लागलं असतं, आणि तिचा या भांडणाशी काही संबंध नव्हता. 2022 च्या एन. जी. प्रोजेक्ट्स निकालातही काम थांबवण्यापेक्षा नुकसानभरपाईकडे बघा, असंच कोर्टांना सांगितलंय. ते रस्त्याचं काम होतं. औषधांच्या बाबतीत हे मला दुपटीने पटतं.

किमान वार्षिक उलाढालीची अट जाचक आहे, असंही तुम्ही म्हणता. ते बोली भरण्याआधी, प्री-बिड बैठकीत लेखी मांडायला हवं होतं. अटी मान्य करून बोली भरली की नंतर त्या अटीलाच आव्हान देणं फार अवघड. शिवाय औषधांच्या दर्जासाठी घातलेल्या बंधनांना कोर्ट बरीच मोकळीक देतं. पंजाबने काही औषधं फक्त सरकारी कंपन्यांकडून घ्यायचं ठरवलं होतं. हायकोर्टाने ते रद्द केलं, तरी 1999 मध्ये सुप्रीम कोर्टाने कायम ठेवलं.

तेव्हा आज रात्रीच संस्थेला ईमेल करा. बाद करण्याची कारणं आणि छाननीचा तक्ता मागा, अपलोडची पावती जोडा, दोन दिवसांत उत्तर द्या म्हणा. उत्तराची वाट बघत महिना घालवू नका. पुरवठा आदेश निघाला, ट्रक गोदामात आले, की दुसऱ्याचा हक्क उभा राहतो आणि उशिराचं कारण तुमच्याच अंगावर येतं. याचिकेत यशस्वी बोलीदाराला प्रतिवादी करायला विसरू नका, आणि स्थगिती मागणार असाल तर साठ्याचा आकडा आधी मिळवा.