अपघातानंतर नवरा बदललाय, माहेरी जाऊ का?

बेळगाव जिल्ह्यातल्या खानापूर तालुक्यातून एका वाचक भगिनीचं पत्र आलंय. नवरा उद्यमबागेतल्या कारखान्यात लेथवर कामाला. दीड वर्षापूर्वी रात्रपाळीहून येताना मोटारसायकल घसरली, हेल्मेट नव्हतं, कपाळ आपटलं. जखम भरली, कामावर रुजूही झाला. पण आता भात वाढायला जरा उशीर झाला की ताट भिरकावतो. बारशाला चार पाहुण्यांत सख्ख्या आत्याला नको ते बोलला. हप्त्यावर महागडा मोबाईल घेतला आणि वर म्हणतो, 'मला काय झालंय?' सासूबाई म्हणतात बाहेरचं लागलंय, दीर म्हणतात सोंग करतोय. शेवटी ती विचारते, 'मावशी, माझंच काही चुकतंय का? पोराला घेऊन माहेरी जाऊ का?'

बाळ,

तुझं काहीही चुकलेलं नाही. हे आधी सांगते, बाकीचं सावकाश वाच. तुझ्या तीन पानी पत्रात 'कपाळाला सहा टाके पडले' हे वाक्य तू ओझरतं लिहून गेलीस. मला मात्र सगळं तिथंच अडकलेलं वाटतंय.

पोटात भूक असताना ताट उशिरा आलं तर चीड कुणालाही येते. ती मेंदूच्या आत खोलवर उठते, क्षणात. 'समोर आई बसलीय, पोरगं घाबरेल' हे त्याच वेळी ध्यानात आणून उचललेला हात खाली घ्यायला लावतो तो कपाळामागचा, डोळ्यांच्या वरचा भाग. ओठांवर आलेला शब्द गिळणं, खिसा बघून खर्च करणं, समोरच्याला लागलं हे ओळखणं, ही कामंही बरीचशी त्याच्याकडेच. डोकं जोरात आपटलं की मेंदू कवटीच्या आतल्या खडबडीत हाडावर घासतो आणि हा भाग बरेचदा दुखावतो. चालणं, बोलणं, जुनं आठवणं यांची सूत्रं मुख्यतः दुसऱ्या भागांकडे असतात, म्हणून माणूस वरून धडधाकट दिसतो. दिरांना सोंग वाटतं ते यामुळेच. साध्या स्कॅनमध्ये बारीक इजा कधीकधी दिसतही नाही. आणि आपण बदललोय हे कळण्याची ताकदही अशा इजेत मंदावते. 'मला काय झालंय?' असं तो विचारतो, तेव्हा बहुधा त्याला ते खरंच दिसत नसावं.

अमेरिकेत 1848 साली फिनियस गेज नावाच्या रेल्वेच्या मुकादमाच्या गालातून घुसलेली लोखंडी पहार डोक्यातून आरपार गेली. तो वाचला, बोलत-चालत राहिला, पण मित्र म्हणायचे, हा आमचा गेज नव्हे. हे मेंदूच्या पुस्तकांतून सगळे सांगतात. पुढचं फारसं कुणी सांगत नाही : याच माणसाने नंतर चिली देशात काही वर्षं प्रवाशांची घोडागाडी हाकली. रोज ठरलेल्या वेळेचं, ठरलेल्या रस्त्याचं काम त्याला जमलं. मला तुझ्यासाठी ही गोष्ट मोलाची वाटते.

पत्रावरून निदान होत नाही, तेव्हा त्याला धारवाडच्या डिम्हान्समध्ये घेऊन जा. मानसिक आरोग्य आणि मेंदूविकारांची ती सरकारी संस्था आहे. खानापुरातून रेल्वेने लोंढा, अळणावर करत जाता येतं. अपघाताच्या वेळचे सगळे कागद आणि स्कॅनची फिल्म बरोबर घे. कन्नड सफाईने बोलणारं कुणीतरी ने, कारण तुला जे सांगायचंय ते अर्धवट पोचता कामा नये. कधी भडकला, आधी झोप किती झाली होती, घोट घेतला होता का, हे आत्तापासून वहीत लिहीत जा. भडकल्यावर क्षणभर शून्यात बघतो का, अंगाला झटके येतात का, तेही नीट बघ. अपघातानंतर फिटचा त्रासही होऊ शकतो. 'डोकं दुखतंय, तपासून येऊ' म्हटलंस तर तो यायला तयार होईल असं वाटतं.

सासूबाईंशी वाद घालू नकोस. सौंदत्तीच्या डोंगरावर जाऊन यल्लम्माची ओटी भरायची असेल तर जरूर भरा. पण त्यापायी डॉक्टरांची तारीख चुकवू नका आणि कुणा देवर्षीच्या हातून त्याला मारहाण तर मुळीच होऊ देऊ नका.

घरात जेवणाची, झोपेची वेळ बांधून घ्या. रात्रपाळी बंद करता येते का ते डॉक्टरांच्या चिठ्ठीसह कारखान्यात विचारा. दारू पूर्ण बंद, इजा झालेल्या मेंदूला थोडीही जड जाते. गर्दी-गोंगाटात त्याला फार वेळ बसवू नका. तो पेटलेला असताना समजावू नकोस, पोराला घेऊन शेजारी जा, शांत झाल्यावर दोन शब्दांत बोल. हप्त्यांच्या खरेदीचं दिरांना सांग, त्यांनाही काहीतरी काम मिळू दे.

आता माहेरचं. तो आजारी असेल म्हणून मार खात राहायचं, असं कुणी सांगितलं तर ऐकू नकोस. तुझ्यावर किंवा पोरावर हात उचलला तर त्याच रात्री घराबाहेर पड, 112 ला फोन कर. माहेरी गेलीस म्हणजे संसार मोडलास असं होत नाही, तिथून उपचार चालू ठेवता येतात. तुझंही मन फार भरून आलं तर 14416 हा टेलि-मानसचा मोफत नंबर आहे, कुठल्याही वेळी लागतो, मराठीतही बोलता येतं.

धारवाडला काय म्हणाले ते मला कळव.

तुझी मावशी