अमेरिकेतल्या ‘रेड फ्लॅग’ कायद्याने पोलीस कुणाचीही बंदूक काढून घेऊ शकतात का?

नाही. स्वतःला किंवा इतरांना इजा करण्याचा धोका असलेल्या माणसाच्या बंदुका काही काळ काढून घेण्याचा हा कायदा तिथल्या काही राज्यांत आहे, पण त्यासाठी न्यायाधीशाचा आदेश लागतो. फ्लोरिडात २०१८ साली पार्कलंडच्या शाळेत १७ जणांचा जीव गेल्यावर हा कायदा आला. तिथे अर्ज फक्त पोलीस करतात. कॅलिफोर्नियात घरचेही करू शकतात. फ्लोरिडात तातडीचा आदेश समोरच्याचं न ऐकताही निघतो, पण १४ दिवसांत सुनावणी व्हावीच लागते. धोका सिद्ध झाला तर बंदुका वर्षभरापर्यंत जमा राहतात, पुढे मुदत वाढवून मागता येते.

मला यातली आत्महत्येची बाजू सगळ्यात महत्त्वाची वाटते. अमेरिकेतल्या बंदुकीच्या मृत्यूंत निम्म्याहून जास्त आत्महत्याच असतात. रात्री दोन वाजता भरलेलं पिस्तूल पुढ्यात घेऊन बसलेल्या माणसाने गुन्हा काहीच केलेला नसतो, त्याला अटक कशी करणार? अशा वेळी घरच्यांना, थेट किंवा पोलिसांमार्फत, दाद मागायला निदान एक दार उघडं असतं.