"आम्ही तुझ्यासाठीच आलो ना इथे": एका लाँग स्नॅपरची गोष्ट

गेली दोन-तीन वर्षं इथे कॅनडात एकच काळजी वेगवेगळ्या तोंडून ऐकतेय. ब्रॅम्प्टनहून फोन येतो, कॅलगरीहून येतो, परवा तर थेट सांगलीहून एका आजोबांचा आला, नातवासाठी. "मॅडम, पोरगं फुटबॉलच्या नादाला लागलंय, शिक्षणाचं वाटोळं तर होणार नाही ना, आणि एवढं करून टीमने काढून टाकलं तर पुढे काय?" (भारतातल्या वाचकांसाठी: इथला फुटबॉल म्हणजे तो लांबुळका चेंडू हातात घेऊन पळायचा आणि एकमेकांच्या अंगावर जाऊन आदळायचं. पायाने खेळतात त्याला इथे सॉकर म्हणतात.) मुलं माझ्याकडे समुपदेशनाला आली की तीच काळजी उलट्या बाजूने सांगतात, "मला काढलं तर घरी काय सांगू?"

प्रत्येकाला वेगवेगळं उत्तर देऊन दमले, म्हणून एका मुलाबद्दल लिहिते. त्याची आणि घरच्यांची परवानगी घेतलीये, ओळख पटेल असे तपशील बदललेत. घरी त्याला दादू म्हणतात, मीही तेच म्हणते.

दादू 11 वर्षांचा असताना हे लोक मिसिसागाला आले. बाबा तिकडे साखर कारखान्यात इन्स्ट्रुमेंटेशन बघायचे, इथे विमानतळाजवळच्या वेअरहाऊसमध्ये नाइट शिफ्ट. आई शाळेत शिकवायची, इथे डेकेअरमध्ये. पोरगं अंगाने आडवं, नववीत कोचची नजर पडली आणि डोक्यावर हेल्मेट चढलं. पुढे युनिव्हर्सिटीच्या टीममध्ये तो लाँग स्नॅपर झाला. हे काम काय असतं ते मला त्याच्याकडूनच कळलं, मला तर क्रिकेटमधलंही धड कळत नाही. चेंडूवर वाकायचं, स्वतःच्या दोन पायांमधून मागे बघायचं आणि 15 यार्ड मागे उभ्या पंटरच्या (म्हणजे चेंडू लाथेने लांब मारणाऱ्याच्या) हातात चेंडू फिरकी देऊन फेकायचा, पाऊण सेकंदात, कमरेच्या उंचीला, आणि फेकून होतोय न होतोय तोच समोरचा शंभर किलोचा माणूस अंगावर आलेला असतो. हजार वेळा नीट फेकला तर कोणाला तुमचं नावही माहीत नसतं, एकदा पंटरच्या डोक्यावरून गेला की सगळ्या स्टेडियमला कळतं.

"आंटी, मी अख्खी मॅच उलटी बघतो," असं तो पहिल्याच भेटीत म्हणाला. मी ते वहीत लिहून खाली रेघ मारली, का मारली ते तेव्हा मलाही कळलं नव्हतं.

सरावासाठी बाबांनी गॅरेजच्या मागच्या भिंतीला जुनी गादी उभी करून दिलेली, तिच्यावर निळ्या चिकटपट्टीचा चौकोन. गॅरेज काही 15 यार्डाचं नसतं, म्हणून शटर वर करून हा ड्राइव्हवेच्या टोकाला उभा राहायचा, उणे 12 मध्ये, बर्फ बाजूला सारून, आणि रोज 100 स्नॅप. बाबा नाइट शिफ्टवरून आले की झोपायच्या आधी 20 मिनिटं चेंडू गोळा करून परत देत.

चौथ्या वर्षाच्या शेवटी ड्राफ्टमध्ये, म्हणजे सीएफएल या कॅनडाच्या व्यावसायिक लीगच्या टीम पाळीपाळीने नवे खेळाडू निवडतात त्यात, त्याचं नाव आलं. आठ फेऱ्या असतात, हा सातव्या फेरीत. आता सातवी काय आणि पहिली काय, घरात दिवाळी. आईने पेढे वाटले, आजीने गावाकडे पन्नास जणांना फोन केले, मंडळाच्या कार्यक्रमात सत्कार. मे महिन्यात टीमच्या कँपला गेला, आणि सीझन सुरू व्हायच्या आधी खेळाडूंची शेवटची कापाकापी होते त्यात गेला. त्याचं एकट्याचं काही वाकडं नव्हतं, कँपला गेलेल्यांपैकी बरेच जण असेच परत येतात. सातव्या फेरीतलं पोर पुन्हा युनिव्हर्सिटीत जाऊन पाचवं वर्ष खेळतं, यात नवल काहीच नाही.

पण हा घरी गेलाच नाही. हॅमिल्टनला मित्राच्या बेसमेंटमध्ये राहिला 9 दिवस आणि रोज फोनवर "हो, कँप मस्त चाललाय" सांगत राहिला.

मित्राच्या बहिणीने जबरदस्तीने माझ्याकडे आणलं. पहिल्या भेटीत मी चूक केली, ती सांगायला मला कमीपणा वाटत नाही. त्याला धीर द्यावा म्हणून मी नावं घेतली. हेनॉक मुआम्बा बघ, जन्म किन्शासाचा, 2011 ला अख्ख्या ड्राफ्टमध्ये पहिला, तरी ग्रे कप, म्हणजे या लीगचा करंडक, हातात यायला 2022 उजाडलं, आणि त्या फायनलमध्ये टोरंटोने विनिपेगला 24-23 असं हरवलं तेव्हा सामन्याचा सर्वोत्कृष्ट खेळाडूही तोच आणि सर्वोत्कृष्ट कॅनेडियनही तोच. डेव्हिड ओन्येमाटा बघ, लेगॉसहून आला, मॅनिटोबा युनिव्हर्सिटीत येईपर्यंत हा खेळ खेळलाच नव्हता आणि 2016 ला थेट एनएफएलमध्ये, म्हणजे अमेरिकेतल्या मोठ्या लीगमध्ये, न्यू ऑर्लिन्सने उचलला. आपल्याकडचा पाहिजे तर सुख चुंग बघ, पंजाबी घरातला, 2015 ला दुसऱ्या नंबरवर. फिजीत जन्मलेला बॉबी सिंग, एनएफएलचा सुपर बोल पण जिंकला आणि ग्रे कप पण. मी गूगल करून तयारी करून बसले होते ना!

तो शांतपणे ऐकत होता, मग म्हणाला, "आंटी, या सगळ्यांचा एंड तुम्हाला माहितीये. माझा सांगा ना."

मी गप्प. तेव्हापासून यशोगाथा सांगायच्या मी बंद केल्या. पालकांनाही सांगते, बंद करा. बुडणाऱ्याला पोहून गेलेल्यांची यादी वाचून दाखवण्यातला प्रकार आहे तो.

दुसऱ्या-तिसऱ्या भेटीत हळूहळू बाहेर आलं की टोचतंय ते काढल्याचं नाहीच. तो म्हणाला, "मी तसाही पासपोर्टवर होतो." मला कळेना. मग त्याने समजावलं: या लीगमध्ये प्रत्येक टीमला ठरावीक संख्येने 'नॅशनल' खेळाडू ठेवावेच लागतात, बाकी बहुतेक अमेरिकन. नॅशनल म्हणजे कॅनडाचा नागरिक, किंवा 18 वर्षांचा व्हायच्या आत एकूण 5 वर्षं इथे राहिलेला. स्नॅपरसारख्या जागेवर बहुतेक टीम नॅशनलच घेतात, म्हणजे अमेरिकन कोटा दुसरीकडे वापरता येतो. "म्हणजे बघा, बाबा मला 11 व्या वर्षी इथे घेऊन आले म्हणून मी नॅशनल. स्कॉलरशिप त्यांच्यामुळे, गादी त्यांनी लावली, आईने शाळा सोडली. माझं काय आहे यात? आणि तरी मी कट झालो."

हे ऐकलं आणि मला वहीतली रेघ आठवली. पोरगं खरंच सगळं उलटं बघत होतं. एक खातेवहीच होती त्याच्याकडे, आईबाबांनी सोडलेलं गाव, नोकरी, नाइट शिफ्ट, सगळं एका बाजूला, आणि दुसऱ्या बाजूला फक्त त्याचा खेळ. टीमने काढलं म्हणजे हप्ता चुकला.

मी माणसाला एकट्याला खुर्चीत बसवून त्याच्या डोक्यातले विचार दुरुस्त करणाऱ्यांपैकी नाही. तसं करणारे माझे चांगले मित्र आहेत, त्यांना यशही येतं, पण 22 वर्षं हे काम करून माझं मत पक्कं झालंय की असं कर्ज एकट्याच्या डोक्यात तयार होत नाही, ते घरात तयार होतं, आणि ज्यांच्या नावावर ते आहे त्यांच्यासमोरच ते फाडावं लागतं. मी म्हटलं, आईबाबांना बोलवूया. तो म्हणाला, अजिबात नाही. दोन आठवडे गेले त्यात. शेवटी त्याने स्वतःच कळवलं.

तिघं आले. बाबा कोपऱ्यात, जॅकेट न काढता. मी दादूला सुरुवात करायला सांगितली, तो पायाच्या अंगठ्याकडे बघत बोलला की टीमने त्याला केव्हाच काढलं होतं आणि ते 9 दिवस तो फोनवर खोटं बोलत होता.

बाबा म्हणाले, "मला माहीत होतं."

"कधीपासून?"

"त्याच रात्री. लीगच्या वेबसाइटवर रोज टाकतात ना, कोणाला घेतलं, कोणाला सोडलं. शिफ्टवर ब्रेकमध्ये बघतो मी. तुझं नाव दिसलं."

"मग तुम्ही बोलला का नाही? रोज फोनवर नुसतं जेवलास का, जेवलास का विचारत होता!"

"मग दुसरं काय विचारणार होतो?"

आई दोघांकडे बघतच राहिली, तिला कोणीच सांगितलं नव्हतं. मग बाबा माझ्याकडे वळून म्हणाले, "मॅडम, अख्ख्या देशात 9 टीम, प्रत्येकीला एक स्नॅपर. महाराष्ट्रात कलेक्टर 36 आहेत. मी याला कधी म्हटलं का तू कलेक्टरच हो म्हणून? मग नऊतला एक हो असं कशाला म्हणेन?"

दादू पहिल्यांदाच आवाज चढवून बोलला, "पण तुम्ही माझ्यासाठी आलात ना इथे! लहानपणापासून हेच ऐकतोय. सगळ्यांना हेच सांगता तुम्ही."

यानंतर जी शांतता झाली ती मी मोडली नाही. नवीन असताना मोडली असती. बाबांनी जॅकेटची चेन खालीवर केली दोन-तीनदा.

"तुझ्यासाठी नाही आलो रे मी," ते म्हणाले. "वाटणीवरून थोरल्याशी बोलणं बंद झालं होतं. एकाच वाड्यात राहायचं आणि तोंड बघायचं नाही. मला तिथून निघायचं होतं. फॉर्म भरला तेव्हा तू पाचवीत होतास, तुला विचारलं पण नाही. लोक विचारायचे चांगली नोकरी सोडून का चाललास, तर भावाशी पटत नाही असं कसं सांगणार? मुलासाठी म्हटलं की सगळे गप्प बसतात."

दादू हसायला लागला, मग ते हसू राहिलं नाही. "म्हणजे 11 वर्षं मी कोणाचं फेडत होतो?"

मला वाटलं झालं काम. मनातल्या मनात पाठही थोपटून घेतली असेन, खोटं कशाला सांगू. पण आई म्हणाली, "यांचं यांच्यापाशी. मी आले ती याच्यासाठीच. शाळा सोडताना रडले मी. पण ते दिलं होतं, उसनं नव्हतं दिलं. परत कोणी मागितलंय?" आणि मग पर्समधून डबा काढला, त्यात पोळीचा लाडू होता, माझ्या टेबलावरच तिघांनी खाल्ला. मलाही दिला.

तर पालकांनो, तुमच्या प्रश्नाचं उत्तर. खेळू द्यायचं का? द्या. पण हिशोब आधी उघड्यावर मांडा. कॅनडातल्या युनिव्हर्सिटीची खेळाची स्कॉलरशिप ट्यूशन आणि सक्तीच्या फीपुरतीच मिळू शकते, अमेरिकेसारखं राहणं-खाणं सगळं फुकट असा समज करून घेऊ नका. खेळायला 5 वर्षं मिळतात, तेवढ्यात डिग्री नीट होते, म्हणून आधी विषय बघा आणि मग कोच. पुढे लीगमध्ये गेलाच तर नवख्याचा किमान पगार वर्षाला 70 हजार डॉलरच्या आसपास, ठीक आहे, पण टीमने मध्येच सोडलं तर तो पगार बहुतेक वेळा तिथेच थांबतो, आणि सीझन जून ते नोव्हेंबर, म्हणजे उरलेल्या वर्षात दुसरं काम करणारे खेळाडू भरपूर आहेत. हे त्या मुलाला माहीत असतं, तुम्हाला माहीत नसतं, म्हणून तो एकटाच घाबरतो.

डोक्याला मार लागला तर "एवढं काय होतंय" हे वाक्य घरात बोलू नका. ओंटारिओत 2018 पासून रोवन्स लॉ आहे, डोक्याच्या दुखापतीची शंका आली तरी खेळाडूला लगेच बाहेर काढावंच लागतं. तो कायदा ज्या मुलीच्या नावाने आहे ती रग्बी खेळताना डोक्याला लागूनच गेली. इथे मी कुठलीही तडजोड ऐकून घेत नाही.

आणि "तुझ्यासाठी आलो" हे जरा तपासून बोला. खरंच मुलासाठी आला असाल तर सोबत हेही सांगा की परत काही नकोय. आणि दुसऱ्याच कारणासाठी आला असाल, बहुतेक जण थोडेफार येतातच, भाऊबंदकी, सासर, बॉस, नुसती हौस, तर मूल 15-16 वर्षांचं झालं की ते त्याला सांगून टाका. लाज वाटेल. आईबाप पण स्वतःच्या मर्जीने काहीतरी करतात हे कळलं की पोरं केवढी मोकळी होतात ते मी बघितलंय. पेढे वाटायचे का असंही एकीने विचारलं होतं. वाटा हो, खुशाल वाटा, सातव्या फेरीचे तर नक्की वाटा.

दादू पाचवं वर्ष खेळला, कायनेसिऑलॉजीची (शरीराच्या हालचालींचं शास्त्र) डिग्री झाली. पुढच्या उन्हाळ्यात एका टीमने प्रॅक्टिस रोस्टरवर, म्हणजे सरावापुरत्या राखीव खेळाडूंत, घेतलं, त्यांचा नेहमीचा स्नॅपर जखमी झाला तेव्हा 2 मॅच खेळला. आजीने दोन्ही रात्री जागून फोनवर बघितल्या, चेंडू कुठे गेला ते तिला काही दिसलं नाही. त्याच्या पुढच्या वर्षी टीमने त्याला सोडलं. त्या संध्याकाळी त्याने पार्किंगमधूनच घरी फोन लावला.

"बघितलं मी," बाबा म्हणाले. मग थोडं थांबून, "जेवलास का?"

"नाही. निघालोय. आईला सांगा, दीड तासात पोचतो."