जुन्या अमेरिकी निकालांपुढे कंसात माणसाचं नाव का असतं?

तुमचा प्रश्न असा आहे: अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाच्या जुन्या निकालांपुढे '५ यू.एस. (१ क्रँच) १३७' असे दोन-दोन खंडांचे आकडे आणि मध्ये माणसाचं नाव का असतं? आणि तुमच्या हातातल्या जुन्या पुस्तकात नुसतंच '१९ हाऊ. ३९३' दिलंय, ते शोधायचं कुठे?

दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर आधी देते, कारण तुमची तळटीप त्यावर अडलीय. '१९ हाऊ. ३९३' म्हणजे ड्रेड स्कॉटचा, गुलामगिरीबद्दलचा प्रसिद्ध खटला. आज तो '६० यू.एस. ३९३' म्हणून सापडेल ('यू.एस.' म्हणजे या न्यायालयाच्या निकालांची सरकारी मालिका, 'युनायटेड स्टेट्स रिपोर्ट्स'). पान तेच आहे, फक्त खंडाचा क्रमांक बदललाय. 'हाऊ.' म्हणजे बेंजामिन च्यू हॉवर्ड, १८४३ पासून १८६१ पर्यंतचे न्यायालयाचे रिपोर्टर, म्हणजे निकाल टिपून छापणारे.

आता नाव का, ते सांगते. खंड, मालिका आणि पान हा साचा आपल्या वकिलांना परका नाही. रखमाबाईंविरुद्ध दादाजी भिकाजींनी लावलेल्या दाव्याचा १८८५ चा निकाल आपण 'आय.एल.आर. (इंडियन लॉ रिपोर्ट्स) ९ बॉम्बे ५२९' असा देतो. तिथे मालिकेला हायकोर्टाचं नाव आहे, कारण १८७५ च्या कायद्यानंतर ती मालिका सरकारी देखरेखीखाली सुरू झाली. त्याच्या आधीचे प्रिव्ही कौन्सिलचे, म्हणजे तेव्हाच्या लंडनमधल्या शेवटच्या अपील न्यायालयाचे निकाल बघा, तिथे 'मूर्स इंडियन अपील्स' दिसेल. मूर हे एका बॅरिस्टरचं आडनाव. अमेरिकेतही पहिली पंचाऐंशी वर्षं हाच प्रकार होता. ज्या माणसाने निकाल टिपले आणि पुस्तक करून विकले, त्याच्या नावाने खंड ओळखला जायचा.

पहिले अलेक्झांडर जेम्स डॅलस. हे फिलाडेल्फियातले वकील, आणि त्यांना कोणी नेमलेलं नव्हतं. ते पेनसिल्व्हेनियाच्या न्यायालयांचे निकाल छापत होते. १७९१ मध्ये देशाचं सर्वोच्च न्यायालय त्यांच्याच शहरात येऊन बसलं, तेव्हा दुसऱ्या खंडापासून त्यांनी त्याचेही निकाल घ्यायला सुरुवात केली. म्हणून आज ज्याला '१ यू.एस.' म्हणतात त्या खंडात अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाचा एकही निकाल नाही. तो सगळा पेनसिल्व्हेनियाचा आहे, आणि त्यातले काही निकाल तर देश स्वतंत्र होण्याआधीचे, १७५४ पासूनचे. न्यायालय वॉशिंग्टनला गेलं तसे डॅलस थांबले, आणि १८०० पर्यंतचे निकाल असलेला त्यांचा चौथा खंड छापून आला १८०७ मध्ये. मधली वर्षं त्या निकालांवर विसंबणाऱ्या वकिलांनी कशी काढली असतील, याचा विचार करा. शिवाय डॅलस यांच्याकडून कितीतरी निकाल सुटलेही. सुटलेल्या जुन्या निकालांचा शोध घेऊन ते १३१व्या खंडाच्या परिशिष्टात एकत्र द्यायला १८८९ साल उजाडलं.

त्यानंतर विल्यम क्रँच. हे स्वतः वॉशिंग्टनमध्ये न्यायाधीश होते आणि ते काम सांभाळून सर्वोच्च न्यायालयाचे निकाल टिपत. मार्बरी विरुद्ध मॅडिसन हा १८०३ चा निकाल त्यांच्या पहिल्या खंडात पान १३७ वर आहे, तुम्ही दिलेलं उदाहरण तेच. क्रँच यांचेही खंड फार उशिरा यायचे.

पण खरं वळण आलं ते हेन्री व्हीटन यांच्यामुळे. इथे मी जरा रेंगाळणार आहे, कारण माझा विषय कॉपीराइट आहे आणि हा सगळा मामला मला मनापासून महत्त्वाचा वाटतो.

व्हीटन १८१६ मध्ये आले. न्यायालयाने स्वतः नेमलेले ते पहिले रिपोर्टर. १८१७ मध्ये काँग्रेसने, म्हणजे अमेरिकेच्या संसदेने, कायदा करून या पदाला वर्षाला १००० डॉलर पगार दिला. अट अशी की निकाल लागल्यापासून सहा महिन्यांत खंड छापायचा आणि ८० प्रती सरकारला द्यायच्या. एवढ्या पगारावर भागणार नव्हतं. खरी कमाई खंडांच्या विक्रीतूनच व्हायची होती. व्हीटन यांनी काम जीव ओतून केलं. वकिलांचे युक्तिवाद सविस्तर दिले, परिशिष्टात विद्वत्तापूर्ण टिपा दिल्या. त्यातल्या बऱ्याच टिपा न्यायमूर्ती जोसेफ स्टोरी यांनी स्वतःचं नाव न लावता लिहून दिल्या होत्या. खंड भरदार झाले, तसे महागही झाले.

या भरदारपणात वाचणाऱ्यासाठी एक खड्डा आहे, आणि त्यात मी पडले आहे. एलएलएमला असताना मॅक्युलॉक विरुद्ध मेरीलँड हा १८१९ चा निकाल, '४ व्हीट. ३१६', मी पहिल्यांदा उघडला. पान ३१६ पासून टिपणं काढत गेले आणि एक छान वाक्य न्यायालयाचं म्हणून प्रबंधात घातलं. माझ्या मार्गदर्शकांनी ते खोडलं. ते वाक्य वकिलाच्या युक्तिवादातलं होतं. सरन्यायाधीश मार्शल बोलायला लागतात ते पान ४०० वर. गिबन्स विरुद्ध ऑग्डेनमध्ये तर खटला '९ व्हीट.' च्या पान १ वर सुरू होतो आणि मार्शल यांचं निकालपत्र पान १८६ वर. म्हणून संदर्भ देताना पहिलं पान देऊन पुढे स्वल्पविराम करून नेमकं पानही द्या, आणि त्या पानावर कोण बोलतंय हे आधी बघा. न्यायालय, वकील की रिपोर्टर? तिघेही एकाच छापील पुस्तकात शेजारी शेजारी बसलेले असतात.

व्हीटन १८२७ मध्ये अमेरिकेचे प्रतिनिधी म्हणून डेन्मार्कला गेले आणि त्यांच्या जागी फिलाडेल्फियाचे रिचर्ड पीटर्स आले. पीटर्स यांनी आल्यावर पाहिलं की डॅलस, क्रँच आणि व्हीटन मिळून पंचवीस खंड झालेत आणि ते विकत घेणं सामान्य वकिलाला परवडत नाही. त्यांनी युक्तिवाद नि टिपा गाळून आधीच्या तिघांचे निकाल सहा खंडांत आणायचं ठरवलं. साहजिकच व्हीटन यांच्या महागड्या संचाचं गिऱ्हाईक तुटलं. त्यांनी पीटर्सवर दावा लावला आणि प्रकरण शेवटी त्याच न्यायालयापुढे गेलं ज्याचे ते दोघेही रिपोर्टर. व्हीटन यांच्या बाजूने डॅनियल वेबस्टर हे नामांकित वकील उभे राहिले होते.

व्हीटन यांच्या बाजूचं म्हणणं असं, की न्यायमूर्तींनी निकाल त्यांना दिले, म्हणजे त्यावरचा हक्कही दिला. १८३४ मध्ये न्यायालयाने ते मुळातूनच नाकारलं. या न्यायालयाच्या लेखी निकालांवर कुठल्याही रिपोर्टरला कॉपीराइट नाही, असू शकत नाही, आणि न्यायमूर्तींना तो कोणाला देताही येत नाही. या मुद्द्यावर न्यायमूर्तींचं एकमत होतं, व्हीटन यांना टिपा लिहून देणारे स्टोरी त्यांच्यातच बसलेले होते. मतभेद झाला तो व्हीटन यांनी स्वतः लिहिलेल्या मजकुराबद्दल. त्यावर हक्क असू शकतो, पण कॉपीराइटच्या कायद्याने सांगितलेल्या पायऱ्या, वर्तमानपत्रात सूचना देणं, परराष्ट्रमंत्र्यांच्या कार्यालयात प्रत जमा करणं, या सगळ्या पाळल्या असतील तरच, असं बहुमताने ठरलं. रिपोर्टर म्हणून ८० प्रती तर आधीच दिल्या होत्या ना, हा मुद्दा चालला नाही. त्या प्रती वेगळ्या कायद्याखाली दिलेल्या होत्या. पायऱ्या पाळल्या की नाही हे तपासायला खटला खाली परत गेला. व्हीटन आणि पीटर्स दोघेही १८४८ मध्ये वारले, तोवर तो मिटला नव्हता.

हा निकाल छापला गेला '८ पीटर्स ५९१' म्हणून. म्हणजे प्रतिवादी पीटर्स, आणि त्या निकालाचे रिपोर्टरही पीटर्स.

पीटर्स यांची गरीब वकिलांवर माया होती की धंद्याची नजर, यावर लोक वाद घालतात. मला व्हीटन यांच्याबद्दल वाईट वाटतं, त्यांच्याइतकी मेहनत आधीच्यांनी घेतली नव्हती. तरीही निकाल बरोबरच लागला असं मी मानते. ज्या कायद्याने माणसाला बांधायचं, तो त्याला विकत घ्यावा लागू नये. त्याच वर्षी, १८३४ मध्ये, न्यायालयाने निकालपत्रं आपल्या क्लार्कच्या कार्यालयात जमा करण्याचा नियम केला. तोवर मूळ कागद रिपोर्टरच्या हाती असायचा. १८८८ मध्ये राज्यांच्या न्यायालयांच्या निकालांबाबतही हेच तत्त्व पुन्हा सांगितलं गेलं.

पुढच्या मंडळींवरून झरझर जाते. हॉवर्ड यांचे चोवीस खंड. मग जेरेमाया ब्लॅक, यांना याच न्यायालयावर न्यायमूर्ती म्हणून नेमायला सिनेटने १८६१ मध्ये एका मताने नकार दिला होता, यांचे दोनच खंड. त्यानंतर जॉन विल्यम वॉलेस, तेवीस खंड. १८७४ मध्ये काँग्रेसने निकाल छापण्यासाठी २५००० डॉलर मंजूर केले, आणि तिथून खंड सरकारी झाले. मालिकेला 'युनायटेड स्टेट्स रिपोर्ट्स' हे नाव पडलं. आधीचे सगळे खंड मोजले तर नव्वद भरले, म्हणून त्यांना मागाहून १ ते ९० क्रमांक दिले गेले आणि नवा खंड ९१ झाला. कंसातली नावं या नव्वद खंडांपुरतीच. ९१ पासून रिपोर्टर होते विल्यम टॉड ऑटो. त्या काळातल्या पुस्तकांत '४ ऑटो' असं दिसतं, पण आता त्यांचं नाव लिहायची गरज नाही.

त्यामुळे जुन्या संदर्भावरून नवा काढायचा तर नुसती बेरीज पुरते. डॅलसला काही मिळवायचं नाही. क्रँचच्या आकड्यात ४ मिळवा, व्हीटनच्या १३, पीटर्सच्या २५, हॉवर्डच्या ४१, ब्लॅकच्या ६५, वॉलेसच्या ६७ आणि ऑटोच्या ९०. १९ हाऊ. म्हणजे १९ अधिक ४१, साठ. ही बेरीज मी वहीच्या पुठ्ठ्यावर लिहून ठेवली होती, तुम्हीही ठेवा. फक्त 'क्रँच सी.सी.' किंवा 'पीट. सी.सी.' असं दिसलं तर बेरीज करू नका. ते त्याच माणसांनी छापलेले खालच्या सर्किट न्यायालयांचे निकाल आहेत.

'एल.एड.' (लॉयर्स एडिशन) दिसलं तर ते न्यूयॉर्क राज्यातल्या रॉचेस्टरच्या खासगी प्रकाशकांनी १८८२ पासून काढलेलं पुनर्मुद्रण. ते अगदी सुरुवातीपासूनचे निकाल घेतं, पण त्याची पानं वेगळी. ड्रेड स्कॉट तिथे '१५ एल.एड. ६९१' आहे. 'एस.सीटी.' (सुप्रीम कोर्ट रिपोर्टर) ही सेंट पॉलच्या वेस्ट कंपनीची मालिका १८८२ च्या सत्रापासून पुढचीच आहे, त्यात ड्रेड स्कॉट शोधू नका.

रिपोर्टर सरकारी झाला म्हणून त्याचं लिखाण न्यायालयाचं होत नाही, हे सांता क्लारा काउंटी विरुद्ध सदर्न पॅसिफिक रेलरोड, '११८ यू.एस. ३९४', या १८८६ च्या निकालात फार ठळक दिसतं. त्या वेळी बँक्रॉफ्ट डेव्हिस रिपोर्टर होते. छापील अहवालात निकालपत्राच्या आधी मजकूर आहे की कंपन्यांना चौदाव्या घटनादुरुस्तीतलं समान संरक्षण मिळतं असं आम्हा सगळ्यांचं मत आहे, त्यावर युक्तिवाद नको, असं सरन्यायाधीश वेट सुनावणीआधी म्हणाले. निकालपत्र वाचलंत तर त्यात हा प्रश्न सोडवलेलाच नाही. खटला कुंपणांच्या कर-आकारणीच्या मुद्द्यावर सुटला. तो उल्लेख छापायचा की नाही, हे डेव्हिस यांनी वेट यांना पत्राने विचारलं होतं आणि वेट यांनी ते त्यांच्यावरच सोपवलं. तीन वर्षांत न्यायालय स्वतः त्या निकालाचा हवाला या मुद्द्यासाठी द्यायला लागलं. हेडनोट, म्हणजे निकालपत्राआधी रिपोर्टरने दिलेला सारांश, हे न्यायालयाचं काम नव्हे, असं न्यायालयाने स्पष्ट सांगितलं १९०६ मध्ये, '२०० यू.एस. ३२१' मध्ये. आजही तिथल्या निकालांच्या सारांशाच्या वर १९०६ च्या त्या निकालाचा हवाला देऊन हे छापतात.

आता परत तुमच्या तळटीपेकडे. पूर्ण संदर्भ असा लिहा: ड्रेड स्कॉट विरुद्ध सँडफर्ड, ६० यू.एस. (१९ हाऊ.) ३९३ (१८५७). तुमच्या पुस्तकात साल १८५६ असेल तर गोंधळू नका. हॉवर्ड यांच्या खंडावर 'डिसेंबर सत्र, १८५६' असं आहे, आणि निकाल जाहीर झाला ६ मार्च १८५७ ला. तुम्ही निकालाचं साल द्या. आणि प्रतिवादीचं खरं आडनाव सॅनफर्ड होतं. अहवालात चुकून 'ड' जास्तीचा छापला गेला आणि तो कायम राहिला. तुम्हीही तो 'ड' ठेवा, कारण ग्रंथालयाच्या सूचीत आणि सगळ्या नंतरच्या निकालांत हा खटला त्याच नावाने नोंदलेला आहे.